न शिवणारा शिंपी

मराठी भाषेनं शिंप्यांची एक पंचाईत करून ठेवली आहे. कापडाला कापड जोडलं तरी शिवणं, आणि माणसाला हात लावला तरी शिवणंच. त्यामुळे लोणावळ्याच्या स्टेशनाबाहेर धर्मशाळेच्या गाळ्यात बसणारा धोंडू शिंपी ‘शिवतो, पण शिवत नाही’ हे वाक्य आमच्या गावात रोज बोललं जाई, आणि बोलणाऱ्याला ते दर वेळी पहिल्यांदाच सुचल्यासारखं वाटे. मीही त्यावर पुष्कळ हसलो आहे. मी तेव्हा शाळेत दुय्यम शिक्षक होतो. अक्षर बरं होतं म्हणून धर्मशाळेच्या कमिटीचं इतिवृत्त लिहायचं काम माझ्याकडे होतं, आणि चार माणसं हसत असतील तिथे पाचवं हसण्यात मला कमीपणा वाटत नसे.

आठवण निघाली ती परवा, माझ्या नातीमुळे. ती पुण्यात लहान मुलांना शिकवते. तिच्या वर्गात एक मुलगी आहे. तिला फ्रॉकच्या मानेला शिवलेली पट्टी सहन होत नाही आणि शाळेची घंटा झाली की ती कान दाबून टेबलाखाली जाऊन बसते. “स्वमग्न म्हणतात, आजोबा,” नात म्हणाली. “आपल्याला जे जेमतेम जाणवतं ते तिला दसपट जाणवतं. कधी उलटंही असतं, आपल्याला दुखेल ते तिला कळतही नाही. ती हट्ट करत नाही, तिला खरंच सोसत नाही.” मी म्हटलं, “माहीत आहे. आमच्याकडे असा एक शिंपी होता. त्याला आम्ही घालवला.” स्वमग्न हा शब्द मला तेव्हापासून खटकतो आहे. आपल्यातच मग्न नक्की कोण होतं, याबद्दल माझं मत जरा वेगळं आहे, ते पुढे येईलच.

धोंडूअण्णा मूळचा आंदर मावळातला. उंच, किडकिडीत, मानेत थोडा वाकलेला. नाव धोंडू आणि कातडी सायीची. अंगात सदरा कायम उलटा, सगळ्या शिवणी बाहेरच्या बाजूला. नवा माणूस समजे की शिंप्यानं घाईत अंगात घातला असेल. पण दहा वर्षं सलग कोणी घाईत नसतं. का रे बाबा, असं विचारलं की त्याचं एकच उत्तर, “टोचतं.”

हा त्याचा हुकमी शब्द. शिवण टोचते हे आम्हालाही समजे. पण धोंडूअण्णाला उजेड टोचायचा, म्हणून तो रस्त्याकडे पाठ आणि भिंतीकडे तोंड करून बसायचा. वास टोचायचे. फोडणी टोचायची; दोन्ही वेळा मऊ आंबेमोहोर भात आणि ताक, त्यात तिसरं काही नाही. आणि आवाज तर विचारूच नका. ज्या गावात घाट चढून आलेली इंजिनं दिवसभर शिट्या मारतात, त्या गावात आवाज टोचतो म्हणणाऱ्याला लोक काय म्हणणार? नाटकी म्हणत. आमच्या कानावर शिटी यायच्या कितीतरी आधी त्याचा पाय मशीनवरून निघे, कानात कापसाचे बोळे जात, आणि मग शिटी वाजे. पुढे विजेची इंजिनं आली तेव्हा सगळं गाव म्हणालं, चला, शांतता झाली. धोंडूअण्णा म्हणाला, “पयलं वरडायचं. आता कण्हतंय.”

मी एकदा त्याला कोंडीत पकडलं. म्हटलं, “मग हे तुझं मशीन दिवसभर खडखडतं, ते बरं टोचत नाही?” तो भिंतीकडे बघत म्हणाला, “त्ये म्या चालवतो, मास्तर. कवा वाजंल त्ये मला ठावं असतं.” मला वाटलं, हा उत्तर टाळतो आहे. मी मास्तर होतो. सरळ उत्तर ऐकायची मला सवय नव्हती.

तो कोणाच्या तोंडाकडे बघत नसे. तोंडं त्याला ओळखूही येत नसावीत. त्याला खांदे ओळखू येत. मी दुकानात शिरलो की माझ्या छातीच्या बटणाकडे बघून म्हणे, “मास्तर, डावा खांदा खाली हाय.” माझा डावा खांदा उतरता आहे हे माझ्या आईलाही माहीत नव्हतं. काम नसेल तेव्हा कोळशाची विझलेली जड इस्त्री मांडीवर घेऊन बसायचा. बाकी माणसं मांडीवर मांजर घेतात.

आता मापाचं. दुकानाच्या उंबऱ्याच्या आत, त्याच्या बैठकीपासून तीन हातांवर, रोज सकाळी तो शिंप्याच्या खडूनं एक रेघ मारायचा. गिऱ्हाइकानं रेघेपलीकडे उभं राहायचं. अण्णा म्हणायचा, “एक गिरकी मारा.” गिऱ्हाइकानं स्वतःभोवती फिरायचं आणि अण्णानं वहीत आकडे लिहायचे. झालं माप. टेप खुंटीला गुंडाळलेली, नवीकोरी. आणि कपडा असा बसायचा की मुंबईहून हवा खायला येणारी बंगलेवाली मंडळी मुद्दाम त्याच्याकडे सदरे शिवायला टाकून जात.

ह्या रेघेनं गावाला फार गोंधळात टाकलं होतं, म्हणजे प्रत्येकाला आपापल्यापुरतं अगदी स्पष्ट कळलं होतं. नानासाहेब हे धर्मशाळेच्या कमिटीचे अध्यक्ष. मामलेदार कचेरीतून निवृत्त झालेले, आणि ते अजून कचेरीला पटलेलं नव्हतं असा त्यांचा समज. ते चारचौघांत सांगत, “शिंपी आहे, पण सोवळं ओवळं जाणतो. आमच्यापासून तीन हात लांब राहतो. आजकालच्या शिकलेल्यांनी त्याच्याकडून शिकावं.” गावातल्या बायका म्हणत, नजर खाली, हात लांब, असा सभ्य शिंपी पंचक्रोशीत नाही, आणि मुलींची पोलकी त्याच्याकडेच टाकत. वामनराव हे कमिटीचे दुसरे सभासद, वकिलाचे कारकून आणि स्वभावानं देशभक्त. त्यांना ती रेघ म्हणजे समाजाला लागलेला कलंक वाटे. ह्यांपैकी कोणीही अण्णाला विचारलं नव्हतं. विचारलं असतं तर एका शब्दात उत्तर मिळालं असतं.

वामनरावांचा अण्णावर मुळात राग होता तो खादीवरून. त्यांनी जाडीभरडी खादी आणून त्याच्यापुढे टाकली आणि सदरा शिवायला सांगितला. अण्णानं दोन बोटांत कापड धरलं, सोडलं, आणि बाहेर चार माणसं ऐकत असताना म्हणाला, “ही टोचती.” वामनरावांनी तिथल्या तिथे भाषण केलं. परक्या राज्याची बेडी टोचत नाही आणि देशाचं सूत टोचतं, असा त्याचा मथितार्थ. अण्णा बोळे घालून बसला होता, त्यामुळे ते सगळं वाया गेलं. पण त्यानं ते कापड आठ दिवस रिठ्याच्या पाण्यात पुन्हापुन्हा भिजवलं, दगडावर बडवलं, आणि गळ्याची शिवण बाहेरून घेऊन सदरा शिवून दिला. त्याआधी वामनरावांची मान कायम लाल असायची. लोक समजत, देशप्रेमानं तापते. नंतर ती बरी झाली. वामनराव त्यानंतर दुसऱ्या कोणाकडे सदरा शिवून घेईनासे झाले, आणि अण्णाला प्रतिगामी म्हणायचंही त्यांनी सोडलं नाही.

ह्या सगळ्या गावात अण्णा कळला होता तो एका बाईला. चांदबी मावशी शेजारच्या बोळात राहायची आणि अण्णाच्या कपड्यांना काजं करून द्यायची. ती दुकानात येताना कधी हाक मारत नसे. उंबऱ्यावर दोनदा टकटक करायची, थांबायची, मग यायची. बांगड्या बाहेरच कोपरापर्यंत सरकवून ठेवायची. दाराच्या बिजागरीला तेल ती घालायची. दारावर गोणपाट तिनं लावलं, मशीनखाली जुन्या वाकळेची घडी तिनं घातली. तो गाळा अण्णाला सोसेल असा व्हायला चार वर्षं लागली होती. उत्तरेची खिडकी, जाड भिंत, गारवा, आणि वासाची दुकानं सगळी दुसऱ्या टोकाला. तसा गाळा गावात दुसरा नव्हता, आणि त्याबाहेर अण्णाला धड बसताही येत नसे, शिवणं तर लांबच.

मग तो श्रावणातला दिवस उजाडला. नानासाहेब नव्या कोटासाठी रेघेपलीकडे उभे होते, आणि मी दाराशी होतो. तेवढ्यात लक्ष्मण आला. लक्ष्मण रेल्वेचा गँगमन, गावकुसाबाहेरच्या वस्तीतला. त्याची सावली पडली तरी नानासाहेब धोतर आवरून घेत. तो नेहमीच्या सवयीनं खाली रस्त्यातच उभा राहिला. अण्णा म्हणाला, “लक्ष्मणा, तितनं दिसत न्हाई. रेघंपाशी ये.”

नानासाहेब तीन पावलं मागे झाले. लक्ष्मण रेघेशी आला, अगदी नानासाहेब उभे होते त्या जागी, आणि त्यानं गिरकी मारली. अण्णानं आकडे लिहिले. नानासाहेबांनी रेघेकडे बघितलं, मग लक्ष्मणाकडे.

“धोंडू, ह्याच्यापासून तू तीन हात लांब बसतोस?”

“व्हय.”

“आणि माझ्यापासून?”

“तीनच हात की,” अण्णा म्हणाला. “रेघ एकच हाय.”

नानासाहेबांना आयुष्यात प्रथमच कोणीतरी अस्पृश्य मानलं होतं. त्यांनी ते मोठ्या मनानं घ्यावं अशी अपेक्षा करणं बरोबर नाही; सवय नव्हती. ते घरी गेले आणि त्यांनी कमिटी बोलावली. लक्ष्मण मात्र जाताना मला म्हणाला होता, “मास्तर, मला लांब हुबं करणारं लय बघितलं. पर बामनालाबी तितंच हुबं करणारा ह्यो येकच.”

बैठकीच्या आदल्या दिवशी दुपारी चांदबी शाळेच्या दारात आली. आत आली नाही. म्हणाली, “मास्तर, उद्या तुमीच लिवणार ना? मग येवढं सांगा त्यास्नी. त्याला इटाळ न्हाई हो, त्याला इजा व्हती. हलकं बोट लागलं तरी चटका बसल्यागत करतो. गेल्या साली तापात पडलता, तवा म्या वाकळंत घट्ट आवळून धरला, तसा गप झाला, झोपला. घट्ट सोसतं त्याला, हलकं सोसत न्हाई. त्यात धरम कुटं आला?”

मी म्हटलं, “सांगतो, मावशी.”

बैठक धर्मशाळेच्या ओसरीवर सकाळी भरली. फिर्यादी नानासाहेब आणि अध्यक्षही नानासाहेब, त्यामुळे वेळ वाचला. नानासाहेबांचा आरोप, हा शिंपी पायरी ओळखत नाही, उच्चनीच सगळे सारखे धरतो. वामनरावांचा आरोप, हा शिंपी अस्पृश्यता पाळतो. दोन्ही आरोप एकाच माणसावर, एकाच बैठकीत, एकमतानं मंजूर झाले. मी ते क्रमानं लिहून घेतले. शिक्षाही एकमतानं ठरली. धोंडूनं कमिटीसमोर नानासाहेबांचं माप हात लावून घ्यावं, नाहीतर गाळा सोडावा. नानासाहेबांची अडचण एवढीच होती की ते आंघोळ करून आले होते; अण्णा शिवला नाही तर अपमान, आणि शिवला तर पुन्हा आंघोळ. ते त्यागाला तयार झाले.

अण्णाला बोलावलं तेव्हा मी बोलायला हवं होतं. चांदबी हातात वाकळ घेऊन खाली पायरीशी उभी होती आणि माझ्याकडे बघत होती. मी टाक शाईत बुडवला. बोलायची वेळ आली की माझा टाक शाईत बुडे.

अण्णानं खुंटीवरची कोरी टेप आणली होती. ओसरीवर पंधरा माणसं, नानासाहेबांच्या कानात हिन्याचा फाया, बाहेर टांग्यांची घुंगरं. त्याचे डोळे मिटल्यासारखे झाले होते. तो म्हणाला, “घट्ट धरीन. घट्ट धरलं तर जमंल.” आणि त्यानं दोन्ही हातांनी नानासाहेबांचे खांदे दाबून धरले.

“अरे हळू,” नानासाहेब म्हणाले. “बैल आहे का मी? हळू लाव हात. हलक्या हातानं.”

मला माहीत होतं. त्या ओसरीवर फक्त मला माहीत होतं की तो माणूस अण्णाकडे नेमकं काय मागतो आहे. मी खाली मान घालून ‘माप घेण्यास प्रारंभ केला’ असं लिहिलं.

अण्णानं हलक्या हातानं माप घेतलं. गळा, खांदा, छाती, बाही. प्रत्येक आकड्याला आवाज बारीक होत गेला, पण आकडा चुकला नाही. शेवटी म्हणाला, “कंबर बेचाळीस. वहीत येक्केचाळीस लिवलीया, त्ये चुकलं. तवा तुमी दम वढून हुबं व्हता.” कोणी हसलं नाही. त्यानं टेप गुंडाळली, नीट घडीवर घडी घातली, पायऱ्या उतरला आणि भिंतीशी जाऊन ओकला. मग तो खाली बसून कपाळ भिंतीवर आपटू लागला. चांदबीनं हातातली वाकळ त्याच्याभोवती गुंडाळली, करकचून आवळली, आणि त्याच्या पाठीला पाठ लावून सगळ्या अंगाचा भार टाकून बसली. हळूहळू तो थांबला. मागे कोणीतरी म्हणालं, “चांदबीला बरा शिवू देतो.” ह्याला मात्र लोक हसले. मी हसलो नाही, पण त्यात काही पराक्रम नाही.

ठराव माझ्या अक्षरात आहे. ‘धोंडू शिंपी याने कमिटीसमक्ष अध्यक्षांस शिवून दाखविल्यामुळे त्याचा गाळा त्याजकडेच ठेवण्यात यावा.’ हा ठराव पुढे कोणी वाचला तर त्याला वाटेल, अध्यक्ष कुठे उसवले होते. नानासाहेब आंघोळीला गेले.

गाळा त्याच्याकडे राहिला. पण कमिटीनं दुसऱ्या दिवशी फरशी धुवून घेतली आणि रेघ मारायला बंदी केली. मग रांग लागली. ‘आता शिवतोस ना’ म्हणत जो तो आत शिरून हात पसरू लागला. पहिले वामनराव. त्यांनी प्रेमानं अण्णाच्या खांद्यावर हात ठेवला, थोपटला, आणि म्हणाले, “आता तू आमच्यातला झालास.” तिसऱ्या दिवशी गाळा बंद होता. मशीन बैलगाडीत चढवायला लक्ष्मण आला होता. तो म्हणाला, “अण्णा, गावाकडं रेघ कुटं मारणार?” अण्णा म्हणाला, “तितं माणसंच न्हाईत येवढी.” चांदबी बोळाच्या तोंडाशी उभी होती. तिनं वाकळ मशीनवर घट्ट बांधून दिली. नानासाहेबांचा कोट पुढे दुसऱ्या शिंप्यानं शिवला. तो काखेत कायम ओढत राहिला, याचा मला मनापासून आनंद होता.

पुढे लढाईच्या दिवसांत रेशनच्या याद्या तपासायला मला आंदर मावळात धाडलं. भातखाचरांच्या बांधांवरून दिवसभर चालत मी अण्णाच्या गावी पोचलो. रस्ताभर मी क्षमा मागायची वाक्यं जुळवत होतो. मास्तरकी, दुसरं काय. घराच्या मागच्या अंगाला, भिंतीकडे तोंड करून तो वाकळ शिवत बसला होता. सदरा उलटाच. माझी सावली त्याच्यासमोरच्या भिंतीवर पडली. त्यानं मान वळवली नाही.

“मास्तर काय? खांदा अजून खालीच हाय.”

मी म्हटलं, “अण्णा, त्या दिवशी मला सगळं ठाऊक होतं. मी बोललो नाही.”

“व्हय,” तो म्हणाला. “तुमचा टाक वाजत व्हता. कागदावर. समद्यात त्योच लय टोचला.”

तो वाकळेत टाके घालत राहिला. परसात रेघ नव्हती. मीच अंदाजानं तीन हात मोजले आणि तिथे मातीत बसलो, त्याच्यासारखाच भिंतीकडे तोंड करून. सुई वाकळेत जात होती, येत होती, आणि तेवढाच आवाज होता.

मग त्यानं दोरा दातानं तोडला आणि भिंतीलाच सांगितल्यासारखं म्हणाला, “येक हात फुडं आलात तरी चालंल.”

मी सरकलो. एकच हात.